ग्वाल्हेर, जॅझ आणि आमचे सोवळे

"हे आपले संगीत नव्हे."

हे वाक्य मी आजवर पुष्कळ ठिकाणी ऐकले आहे. म्हापशाच्या एका लग्नात ऐकले, पणजीला कांपालावर ऐकले, ऑफिसात जेवणाच्या सुट्टीत तर महिन्यातून एकदा ऐकतोच. पण तेच वाक्य ग्वाल्हेरात, तानसेनाच्या कबरीपासून हाकेच्या अंतरावर, आणि तेही एका गोमंतकीयाच्या तोंडून ऐकावे लागेल असे वाटले नव्हते. मग राहवले नाही. म्हणून हा लेखनप्रपंच.

झाले असे. डिसेंबरात एलटीसी घेऊन आम्ही काही मित्रमंडळी तानसेन समारोहाला गेलो होतो. (सरकारी कारकुनाच्या आयुष्यात एलटीसी ही एकच गोष्ट अशी आहे, की जी मागितल्यावर कधीतरी मिळते. असो.) वास्कोहून सुटणारी गोवा एक्सप्रेस थेट ग्वाल्हेरला नेऊन सोडते, त्यामुळे प्रवासाची कटकट नाही. आमच्यात एक ज्येष्ठ रसिक होते. नाव सांगत नाही, पण फोंडा भागातल्या बैठकांत त्यांना पुढची खुर्ची राखून ठेवलेली असते एवढे सांगितले तरी पुरे. दोन दिवस ते तल्लीन होऊन ऐकत होते. मग विश्वसंगीताचे सत्र आले, एक परदेशी वादक सॅक्सोफोन घेऊन मंचावर बसला, आणि आमचे रसिक उठले. "चला, चहा घेऊया. हा तानसेनाचा अपमान आहे. हे आपले संगीत नव्हे." त्यांच्यामागून आमचे निम्मे मंडळ उठले.

मी बसून राहिलो. खरे सांगायचे तर तो वादक काही फार थोर नव्हता. पण वाईट वाजवतो म्हणून उठणे वेगळे आणि सॅक्सोफोन आहे म्हणून उठणे वेगळे. पहिले रसिकाचे लक्षण. दुसऱ्याला काय म्हणायचे ते पुढे येईलच.

आधी ग्वाल्हेरविषयी. आमच्याकडे ग्वाल्हेर म्हटले की लोक कानाला हात लावतात. ग्वाल्हेर म्हणजे शुद्ध, ग्वाल्हेर म्हणजे मूळ, ग्वाल्हेर म्हणजे सगळ्या घराण्यांची गंगोत्री. कबूल. पण ही गंगोत्री कशी तयार झाली ते तरी बघा. राजा मानसिंह तोमर १४८६ ते १५१६ या काळात तिथे राज्य करीत होता आणि त्याच्या आश्रयाने धृपद फुलले. आज आपल्याला धृपद सर्वांत जुने आणि सोवळे वाटते. त्या वेळी मात्र ती लोकभाषेतल्या पदांची नवी चाल होती. ज्या तानसेनाच्या नावाने हा समारोह होतो, त्याची कबर सूफी संत मोहम्मद गौस यांच्या मकबऱ्याच्या आवारात आहे. तिथल्या चिंचेचा पाला खाल्ला की गळा गोड होतो म्हणतात, आणि तो पाला खाताना झाड कोणाच्या अंगणातले हे कोणी विचारत नाही.

पुढे ख्याल आला. हस्सूखाँ आणि हद्दूखाँ या भावांची गोष्ट ग्वाल्हेरात अजून सांगतात. दौलतराव शिंद्यांच्या दरबारात बडे मोहम्मदखाँ नावाचे मोठे तानबाज गवई होते. त्यांची तान कोणालाही येत नसे. महाराजांनी या दोघा पोरांना म्हणे पडद्याआड बसवून महिनोन् महिने ते गाणे ऐकवले, आणि मग एके दिवशी भर दरबारात त्यांच्याकडून तीच तान गाववून घेतली. खाँसाहेब संतापले. संतापणारच! आता ही गोष्ट अक्षरशः खरी की दंतकथा, हा प्रश्न वेगळा. पण घराण्यानेच ती अभिमानाने जपली आहे. म्हणजे जे गाणे आज आपण 'शुद्ध' म्हणून देव्हाऱ्यात ठेवतो, त्याच्या जन्मकथेत पडद्याआडून केलेली उचल आहे.

लष्कर भागातल्या एका मराठी कुटुंबाकडे आम्ही जेवायला गेलो होतो. तीन-चार पिढ्यांपूर्वी शिंद्यांच्या चाकरीला आलेली माणसे. घरातल्या वयोवृद्ध काकांना मी आमच्या रसिकांचे ते वाक्य सांगितले. काका तिथल्या हिंदी वळणाच्या मराठीत म्हणाले, "अहो, तुम्ही गोव्याचे लोक आमच्यापेक्षाही पवित्र होऊन गेलात की काय? इथे येऊन सरोद ऐकता ना? तो कुठून आला?" बरोबरच आहे. हाफिज अली खाँ आणि अमजद अली खाँ यांच्या ग्वाल्हेरच्या जुन्या घरात आज 'सरोद घर' हे संग्रहालय आहे. त्यांच्या घराण्याची परंपरा असे सांगते, की अफगाणी रबाब घेऊन आलेल्या पूर्वजांनी त्याला धातूची पट्टी आणि धातूच्या तारा बसवल्या आणि सरोद झाला. काबूलचे वाद्य ग्वाल्हेरला येऊन 'आपले' होते, आणि बेल्जियममध्ये घडलेले वाद्य गोव्याच्या माणसाने पन्नास वर्षे फुंकले तरी परके! हा हिशेब माझ्या टेबलावर आला असता तर मी हरकतीचा शेरा मारून परत पाठवला असता.

आता मुद्द्याला येतो. आमच्या रसिकांचा जॅझवरचा आक्षेप तीन पदरी होता. परतीच्या प्रवासात त्यांनी तो भोपाळ येईपर्यंत उलगडून सांगितला. एक, जॅझ परदेशी. दोन, रागात जॅझ मिसळले की राग नासतो. तीन, गोव्यात जे कोणी हे वाजवत होते ते "पोटार्थी बँडवाले", त्यांना संगीतकार काय म्हणायचे.

पहिल्याचे उत्तर आपल्या घरातच आहे. मंगेशीच्या, म्हार्दोळच्या जत्रेतल्या संगीत नाटकात ऑर्गनचा सूर लागला की आमच्या डोळ्यांत पाणी येते. तो ऑर्गन काय म्हार्दोळच्या जाईंबरोबर फुलला होता? पेटी युरोपची, पायपेटी युरोपची, व्हायोलिन युरोपचे. यांतले काहीच आम्हाला बोचत नाही, कारण ती वाद्ये वाजवणारा माणूस आमच्या ओळखीचा. बोचते ती ट्रंपेट आणि सॅक्सोफोन, कारण त्यामागच्या माणसाचे नाव पेरेरा किंवा गोन्साल्विस असते. कडू वाटेल, पण लिहितो.

आणि ग्वाल्हेर व जॅझ यांची गाठ आजची नाहीच. सी. रामचंद्र, म्हणजे पुणतांब्याचे रामचंद्र चितळकर, हे पुण्यात गांधर्व महाविद्यालयात विनायकबुवा पटवर्धनांकडे शिकले. विनायकबुवा विष्णु दिगंबरांचे शिष्य, विष्णु दिगंबर बाळकृष्णबुवा इचलकरंजीकरांचे, आणि बाळकृष्णबुवांनी ग्वाल्हेरची गायकी वासुदेवबुवा जोश्यांकडून आणली. म्हणजे सरळ ग्वाल्हेरची ओळ. याच चितळकरांनी १९५१ साली 'अलबेला'चे संगीत केले, आणि त्यांच्या जोडीला होता हळदोण्याचा आंतोनियो शाव्हियेर वाझ, ऊर्फ चिक चॉकलेट, ज्याला लोक हिंदुस्थानचा लुई आर्मस्ट्राँग म्हणत. तो त्या चित्रपटात आपल्या बँडसह पडद्यावरही दिसतो. त्या गाण्यांवर आपले आईवडील नाचले, आपणही गणपतीच्या मिरवणुकीत नाचलो. तेव्हा नाही कोणी म्हटले, हे आपले संगीत नव्हे!

दुसरा आक्षेप मात्र गंभीर आहे, आणि तो मी हसण्यावारी नेणार नाही. त्यासाठी एक तबकडी समोर ठेवतो.

१९६८ साली एचएमव्हीने 'राग जॅझ स्टाईल' नावाची एलपी काढली. संगीत शंकर-जयकिशन यांचे. रागांवर आधारलेले जॅझ भारतातच ध्वनिमुद्रित होऊन बाजारात आले, त्या प्रयोगांपैकी हा अगदी सुरुवातीचा. यात गाणे नाही, शब्द नाहीत. अकरा राग, अकरा तुकडे: तोडी, भैरव, मालकंस, कलावती, तिलककामोद, मियाँमल्हार, बैरागी, जयजयवंती, मिश्र पिलू, शिवरंजनी आणि भैरवी. पुढे सतार घेऊन रईस खाँ. आणि त्यांच्याभोवती कोण? ट्रंपेटवर जॉन परेरा. ड्रमवर लेस्ली गुदिन्हो. पियानोवर लुसिला पाशेको. बासवर एडी त्रावास. गिटारवर आनिबाल काश्त्रो आणि दिलीप नाईक. सॅक्सोफोनवर मनोहारी सिंग, बासरीवर सुमन राज. आणि तबल्यावर रमाकांत म्हापसेकर.

ही नावे पुन्हा एकदा वाचा. सावकाश वाचा. मला तर हे कव्हर एखाद्या गोमंतकीय गावाच्या मतदारयादीसारखे वाटते. गुदिन्हो आणि म्हापसेकर एका खोलीत बसून एकच ठेका सांभाळत आहेत. एक काड्यांनी, एक बोटांनी. आपल्या गावात त्यांची घरे शेजारी असती तरी फेस्ताला आणि जत्रेला एकमेकांकडे जाण्यापलीकडे संबंध आला नसता कदाचित. मुंबईच्या स्टुडिओने ते काम केले.

आता ही तबकडी कशी आहे? मी भाट नाही. एका एलपीत अकरा राग कोंबले, म्हणजे एकेकाच्या वाट्याला सरासरी तीन-चार मिनिटे. त्यात मियाँमल्हार काय उभा राहणार! एलपी आल्यामुळे एका बाजूला वीस-वीस मिनिटांची सोय झाली होती, पण चित्रपटगीताची सवय लागलेल्या हातांनी ती सोय घेतली नाही. भैरव तर मला अजून खटकतो. भैरवाचा रिषभ आंदोलित, तो हलत-डुलत राहतो, आणि पियानोचा प्रत्येक सूर खुंटीला बांधलेल्या गायीसारखा आपल्या जागी. त्याला हलवणार कसे? ट्रंपेटला तीन कळा. ओठ आणि श्वास यांच्या जोरावर चांगला वादक सूर थोडा वाकवतो, पण सतारीवर एका पडद्यावरून तार ओढून चार सुरांची मींड निघते तशी ती निघत नाही. त्यामुळे पुष्कळ ठिकाणी सतार रागात आणि बाकी मंडळी रागाच्या अंगणात, असे होते.

पण जिथे जमले आहे तिथे काय जमले आहे! कलावती आणि बैरागी घ्या. दोन्ही पाच सुरांचे राग. तिथे ट्रंपेटला पळायला मोकळे मैदान मिळते, गिटार मागे हटून सुरांची जागा धरून ठेवते, आणि सतारीच्या तानेला सॅक्सोफोनने दिलेले उत्तर ऐकताना आपण राग ऐकतो की जॅझ हा प्रश्नच मनात येत नाही. जॅझमध्ये एक वादक बोलतो, दुसरा ऐकतो, मग दुसरा बोलतो. आपल्या जुगलबंदीत वेगळे काय होते?

आणखी एक गोष्ट, जी कव्हरवर लिहिलेली नाही. त्या काळच्या मुंबईच्या स्टुडिओत दोन प्रकारच्या आठवणी शेजारी बसत. एक कागदावरची. आपल्या गोव्याच्या चर्चच्या पारोकियल शाळेत, मेस्ताच्या छडीखाली सोल्फेज घोकून आलेला वादक समोर ठेवलेली नोटेशनची पाने बघताक्षणी वाजवी. दुसरी कानातली. सतारिया आणि तबलजी यांच्यापुढे पान ठेवून उपयोग नाही. त्यांना चाल ऐकवायची, आणि ती एकदा ऐकली की झाली. या दोघांना एका वेळी एका जागी सम गाठायला लावणे हे काय सोपे काम आहे? नऊ-दहा माणसे, आणि त्यातल्या निम्म्यांनी राग शाळेत शिकलेला नाही, निम्म्यांनी स्टाफ नोटेशन पाहिलेले नाही. आमच्या ऑफिसात एका खात्याची फाइल दुसऱ्या खात्याला कळायला तीन महिने लागतात, म्हणून मला याचे जरा जास्तच अप्रूप.

तेव्हा राग नासतो का? वाईट प्रयोगात नासतो. आजकाल फ्युजन म्हणून जे चालते, मागे ड्रमचा धबडगा आणि पुढे कोणीतरी भैरवीतले भजन ओढतो, त्यात राग नासतो आणि जॅझही नासते. त्याविरुद्ध आमच्या रसिकांनी खुशाल मोर्चा काढावा, मी झेंडा धरतो. पण बेसूर ख्याल गाणारे शेकड्याने आहेत म्हणून आपण ख्याल बंद करा म्हणतो काय?

तिसरा आक्षेप ऐकून मात्र माझे डोके फिरले. पोटार्थी बँडवाले!

अहो, पोटार्थी कोण नव्हते? केसरबाई केरीहून, मोगूबाई कुर्डीहून मुंबईला गेल्या त्या काय हवापालट करायला? कलावंत घराण्यातल्या या बायकांना आपल्या आजे-पणज्यांनी देवळाच्या कोणत्या पायरीवर उभे केले होते, ते आपण सोयीस्करपणे विसरलो. आज त्यांच्या नावाने आपण समारोह करतो, आणि केलेच पाहिजेत. पण त्याच काळात, त्याच मुंबईला, त्याच कारणासाठी ट्रंपेटची पेटी काखोटीला मारून सासष्टी-बार्देशातली पोरे गेली. गावात शेत नाही, नोकरी नाही, हातात फक्त कला. एकीला तानपुरा मिळाला, दुसऱ्याला ट्रंपेट. एकीला आपण पन्नास वर्षे उशिरा का होईना 'आपली' म्हटले. दुसऱ्याला अजून बँडवालाच म्हणतो.

माजोर्ड्याचे आंतोनी गोन्साल्विस घ्या. १९५८ साली मुंबईत झेवियर्स कॉलेजच्या आवारात त्यांनी शंभराहून अधिक वादकांचा भारतीय सिंफनी ऑर्केस्ट्रा उभा केला, रागांवर रचना लिहिल्या, आणि लता मंगेशकर व मन्ना डे यांना त्यात गायला बोलावले. याला पोटार्थीपणा म्हणतात? असल्या उद्योगात खिशातले पैसे जातात, येत नाहीत. आज त्यांचे नाव लोकांना ठाऊक आहे ते 'अमर अकबर अँथनी'तल्या विनोदी गाण्यामुळे. ते त्यांचे शिष्य प्यारेलाल यांनी गुरूला वाहिलेले फूल होते, हे किती जणांना माहीत आहे? मैहरचे बाबा अल्लाउद्दीन खाँ कलकत्त्यात लोबो नावाच्या गोमंतकीय बँडमास्तराकडे व्हायोलिन शिकले. म्हणजे रविशंकर, अली अकबर यांच्या गुरूच्या गुरूंत एक आमचा 'बँडवाला' बसला आहे. बसू द्या आता त्याला पुढच्या खुर्चीत.

केसरबाईंवरून आठवले. आमचे रसिक (आणि मीसुद्धा) एक गोष्ट छाती फुगवून सांगतो, की १९७७ साली अमेरिकेने अवकाशात सोडलेल्या व्हॉयेजर यानांवर जी सोन्याची तबकडी आहे, तिच्यावर केरीच्या केसरबाईंची भैरवी आहे. त्याच वर्षी सप्टेंबरात केसरबाई गेल्या, आणि त्यांचा आवाज सूर्यमालेच्या बाहेर गेला. अंगावर काटा येतो. पण याच तबकडीवर लुई आर्मस्ट्राँगचे 'मेलँकली ब्लूज'ही आहे, हे आमचे कोणीच सांगत नाही. परग्रहावरच्या माणसाला केसरबाई आणि जॅझ एकाच तबकडीत ऐकायला मिळणार. आम्ही मात्र पृथ्वीवर चहाला उठणार.

दोष एकट्या मराठी रसिकांचा नाही, हेही लिहिले पाहिजे. गोव्यातल्या इंग्रजी वळणाच्या मंडळींनी जॅझची जी आठवण सांभाळली, तीत ताजमहाल हॉटेल असते, काळे सूट असतात, बॉलरूम असते. नरेश फर्नांडिस यांचे 'ताजमहाल फॉक्सट्रॉट' (२०१२) किंवा 'नाचुया कुंपासार' (२०१५) हा चित्रपट यांनी मोठे काम केले. पण एरवीच्या गप्पांत तबल्यावरचा म्हापसेकर सहसा नसतो. कांपालावर कला अकादमीच्या एकाच इमारतीत भारतीय संगीताचा विभाग आहे आणि पाश्चात्त्य संगीताचाही. दोन्हीकडे गुणी मुले शिकतात. पण मी इतकी वर्षे तिथे कार्यक्रमांना जातो, एका विभागाच्या श्रोत्याला दुसऱ्या विभागाच्या कार्यक्रमात पाहिल्याचे मोजून दोन-चार प्रसंग आठवतात. मांडवीच्या काठावर एकाच छपराखाली दोन गोवे.

आता सर्वांत जास्त जिव्हारी लागणारी गोष्ट. आमांसियो डिसिल्वा हे नाव किती वाचकांनी ऐकले आहे?

गोमंतकीय आईबापांच्या पोटी १९३६ साली मुंबईत जन्मलेला हा गिटारवादक. हॉटेलांतून वाजवायचा. जयपूरच्या महाराणी गायत्रीदेवींनी त्याला आश्रय दिला, गिटार घेऊन दिली. (इथे ग्वाल्हेरचा एक गमतीदार धागा आहे. गायत्रीदेवींच्या आई इंदिराराजे या बडोद्याच्या गायकवाडांच्या कन्या. त्यांचे लग्न ग्वाल्हेरच्या माधवराव शिंद्यांशी ठरले होते. इंदिराराजेंनी स्वतः पत्र लिहून ते मोडले आणि १९१३ साली कूचबिहारच्या राजपुत्राशी लग्न केले. ते लग्न मोडले नसते तर गायत्रीदेवी नाहीत, आणि आमांसियोची गिटारही नाही!) १९६०च्या दशकाच्या उत्तरार्धात तो लंडनला गेला. तिथे १९६९ साली त्याची 'इंटिग्रेशन' ही तबकडी निघाली, इंग्लंडचे डॉन रेंडेल आणि इयान कार हे नामवंत वादक साथीला. त्यातल्या रचनांची नावे बघा: 'जयपूर', 'गँजेस', 'महाराणी', 'अ स्ट्रीट इन बाँबे'. त्याच वर्षी जमैकात जन्मलेला सॅक्सोफोनवादक जो हॅरियट याच्याबरोबर दुसरी तबकडी. नाव काय असावे? 'हम दोनो'. लंडनमधल्या तबकडीला हिंदी नाव. आज या तबकड्यांच्या मूळ प्रतींसाठी संग्राहक भरमसाट किंमत मोजतात.

त्याच्याही आधी, १९६६ साली, जो हॅरियट आणि कलकत्त्याचे जॉन मेयर यांची 'इंडो-जॅझ सूट' निघाली होती. तीत तबल्यावर केशव साठे. होय, साठे! मुंबईचा हा मराठी माणूस पुढे १९६७ साली जर्मनीत आयरीन श्वायत्सर या स्विस पियानोवादिकेबरोबर 'जॅझ मीट्स इंडिया' या तबकडीतही वाजवतो. आणि 'इंडो-जॅझ सूट'च्या कव्हरवर तंबोऱ्यापुढे नाव आहे, चंद्रहास पैगणका. इंग्रज छापखान्याने शेपूट तोडलेले हे आडनाव वाचताना काणकोणच्या माणसाच्या ओठावर आपोआप 'पैंगीणकर' येईल. 'मी कोण?' लिहिणाऱ्या राजाराम पैंगीणकरांमुळे हे आडनाव आपल्या मराठी वाचकांना चांगले परिचयाचे. मला ते कव्हर पहिल्यांदा संगणकाच्या पडद्यावर दिसले तेव्हा मी खुर्चीतून उठलो होतो. जगातल्या पहिल्यावहिल्या इंडो-जॅझ तबकड्यांपैकी एकीत साठे ठेका धरतो आणि पैंगणकडचे वाटणारे आडनाव षड्ज लावून बसले आहे. मग हे आपले संगीत कसे नव्हे?

आणि आता 'कोंकण डान्स'. आमांसियोने १९७२च्या सुमारास लंडनमध्ये आणखी एक तबकडी ध्वनिमुद्रित केली. गिटार, सतार, तबला, सोबत इंग्रज जॅझवादक. नाव दिले 'कोंकण डान्स'. वाजवून झाले, टेप तयार झाली, आणि निघाली मात्र नाही. जॅझ असे फार विकले जात नव्हते, त्यात हे तर धड जॅझही नाही आणि धड हिंदुस्थानीही नाही. टेप पडून राहिली. आमच्या रेकॉर्ड रूममध्ये कायम, तीस वर्षे, दहा वर्षे असे फायलींचे वर्ग असतात, आणि मुदत संपली की फाडायला काढतात. या टेपला तो वर्गही कोणी लावला नसावा. १९९६ साली आमांसियो लंडनमध्ये वारला. २००६ साली, म्हणजे त्याच्या मृत्यूनंतर दहा वर्षांनी, 'कोंकण डान्स' एका इंग्रज कंपनीने सीडीवर काढली.

चौतीस वर्षे जिच्या नावात कोकण होते ती तबकडी पेटीत होती, आणि कोकणातल्या कोणालाही तिची वाट पाहावीशी वाटली नव्हती. ती निघाल्यावर मराठीत तिच्याविषयी लिहिलेली एक ओळही माझ्या पाहण्यात नाही. केसरबाईंची एखादी हरवलेली तोडी लंडनच्या तळघरात सापडली असती, तर आपण काय केले असते? ढोल-ताशे लावून दाबोळी विमानतळावर गेलो असतो. गेलेच पाहिजे. पण मग आमांसियोने आपले काय घोडे मारले होते?

मला विचाराल तर 'कोंकण डान्स'मधली गिटार मला त्याच्या आधीच्या तबकड्यांहून अधिक आवडते. ती सतारीची नक्कल करत नाही. सतार आपल्या जागी, गिटार आपल्या जागी. सूर घाईत नसतात, आणि एकाच पट्टीतल्या थोड्या सुरांवर तो बराच वेळ घुटमळत राहतो, जसा आपला गवई आलापात घुटमळतो. 'राग जॅझ स्टाईल'मध्ये जी सवड नव्हती ती इथे आहे. आमच्या रसिकांना आवडेल की नाही, ठाऊक नाही. परतीच्या गाडीत मी त्यांना मोबाइलवर ती ऐकवू का म्हणून विचारले, तर म्हणाले, "नको, मला झोप येते आहे."

इंटरनेटवर आहे, शोधली की सापडते. ऐका. आणि आवडली नाही तर मला इथे खुशाल शिव्या घाला, पण ऐकून झाल्यावर घाला.